हँड ब्लेंडर, स्ट्रॉबेरी आणि तुटलेलं कपलिंग: चौदा महिन्यांनंतर

मी एसटीच्या दापोडी वर्कशॉपमध्ये चौतीस वर्षं काढली, त्यातली बरीचशी इंजिन सेक्शनला. त्यामुळे एखादं यंत्र घेऊन आठ दिवस झाले नाहीत तोच कुणी 'एकदम भारी, डोळे झाकून घ्या' असं लिहिलं की मला हसू येतं. डोळे उघडे ठेवून घ्या की! यंत्र किती चाललं, कशावर चाललं आणि कुठे मोडलं हे कळलं तर त्या लिहिण्याला अर्थ. म्हणून हा हँड ब्लेंडर घरात आल्यावर चौदा महिने थांबलो आणि आता लिहितोय.

कंपनीचं नाव टाकत नाही. पुढे एक तक्रार आहे, आणि तिच्यात थोडा दोष माझाही आहे. वस्तू तशी साधीच. ३०० वॅट, दोन स्पीड, खाली स्टीलचा दांडा, सोबत एक उभं प्लॅस्टिकचं भांडं. मुलीने गेल्या वर्षी मार्चमध्ये १,८५० रुपयांना आणली. वॉरंटी दोन वर्षांची.

आणली कशासाठी, तर सॅलडवर घालायचं फळांचं ड्रेसिंग करायला. सकाळी फिरायला जाणाऱ्या आमच्या ग्रुपमध्ये मी सांगितलं, 'हल्ली घरी ड्रेसिंग करतो', तर एकाने विचारलं, 'काय लागलं पायाला?' आमच्या पिढीला ड्रेसिंग म्हणजे कापूस, आयोडीन आणि पट्टी. त्याचा काही दोष नाही.

झालं असं की डॉक्टरांनी माझी साखर सीमेवर आल्याचं सांगितलं आणि जेवणाआधी मोठी वाटीभर कच्चं खा म्हणाले. कोशिंबीर मला आवडते, पण आमच्या घरची कोशिंबीर म्हणजे दाण्याचं कूट, वर तुपाची फोडणी आणि चिमूटभर म्हणत घातलेली चमचाभर साखर. ती बंद झाली. नुसत्या काकडी-गाजराच्या चकत्या चावताना मात्र आपण गोठ्यात बसलोय असं वाटायचं. मुलगी म्हणाली, 'बाबा, त्यावर ड्रेसिंग घाला', आणि दुकानातून स्ट्रॉबेरी ड्रेसिंगची बाटली घेऊन आली.

मला ग्रीसच्या डब्यावरचंही वाचायची सवय. बाटली फिरवून पाहिली. खाण्याच्या वस्तूवर घटक छापताना वजनाने जास्त ते आधी, कमी ते नंतर, असा आपल्याकडे नियम आहे. या बाटलीवर पुढे स्ट्रॉबेरीचं हे एवढं चित्र, आणि मागे यादीत पहिलं पाणी, दुसरी साखर, तिसरं तेल. स्ट्रॉबेरीबाई पार मिठाच्या शेजारी अंग चोरून बसलेल्या. शेवटी ४१५ नंबर, म्हणजे झँथन गम, ज्याने ते सगळं घट्ट आणि चकचकीत दिसतं. साखर सोडायची म्हणून पाला खायला लागलो, आणि आता त्या पाल्यावर साखरच ओतायची? बाटली शेजाऱ्यांकडे गेली. मुलीने दुसऱ्याच आठवड्यात हा ब्लेंडर आणला.

बायकोचा पहिला प्रश्न सगळ्यांच्या घरी होईल तोच. 'अहो, घरात मिक्सर असताना हे कशाला?' प्रश्न बरोबर होता, म्हणून आधी मिक्सरवरच करून पाहिलं. मोठ्या भांड्यात दीडशे ग्रॅम स्ट्रॉबेरी घातली तर ती एका फेऱ्यात चारी बाजूंना जाऊन चिकटते आणि पातं मधे नुसतं हवा कापत बसतं. चटणीच्या भांड्यात जमतं, खोटं कशाला बोलू. पण झाकण बंद असतं, आत काय चाललंय दिसत नाही. ते भांडं लगेच गरम होतं, आणि शेवटी पात्याखाली अडकलेला माल बोटाने काढताना दोन चमचे तिथेच राहतात. दीडशे ग्रॅमचं ड्रेसिंग आणि त्यातले दोन चमचे वाया, म्हणजे मायलेज फारच वाईट.

या ब्लेंडरसोबत आलेलं ते उभं भांडं दिसायला फुकटात दिल्यासारखं आहे, पण माझ्या मते निम्मे पैसे त्याचेच. आतला व्यास दांड्याच्या घंटेपेक्षा, म्हणजे पात्याभोवतीच्या घंटेसारख्या टोपणापेक्षा, जेमतेम बोटभर जास्त. त्यामुळे माल पात्याला चुकवून पळू शकत नाही. मी मुद्दाम पसरट पातेल्यात करून पाहिलं. तेल एकीकडे, फळ दुसरीकडे, आणि शर्टावर ठिपके. तुमच्याकडे ब्लेंडर असेल आणि भांडं हरवलं असेल तर स्टीलचा उंच पेला घ्या, ज्यात घंटा जेमतेम बसते असा. काम होतं.

आता ड्रेसिंग म्हणजे काय ते माझ्या भाषेत सांगतो. डिझेल गाडीचं हेड गॅस्केट, म्हणजे इंजिनच्या वरच्या झाकणाखालचं पॅकिंग, गेलं की पाणी इंजिन ऑइलमध्ये उतरतं. डिपस्टिक, म्हणजे ऑइल बघायची पट्टी, ओढली की काळ्या ऑइलच्या जागी दुधाच्या कॉफीसारखा फिकट, जाडसर लगदा दिसतो. तेल आणि पाणी एकमेकांत इतकं बारीक घुसळलं जातं की वेगळं होत नाही. लेथवर पाण्यात सोल्युबल ऑइल घालतो तेव्हाही तसंच दूध होतं. आयुष्यभर डिपस्टिकवर ते दूध दिसलं की माझ्या पोटात गोळा यायचा, कारण पुढे हेड उतरवायचं काम. आता निवृत्तीनंतर रोज सकाळी तेच मुद्दाम करत बसतो. फळाचा रस आणि लिंबू हे पाणी, त्यात तेल. त्यांना धरून ठेवायला मधे कुणीतरी मध्यस्थ लागतो. सोल्युबल ऑइलमध्ये तो कंपनीनेच घातलेला असतो. ड्रेसिंगमध्ये ते काम मोहरी करते.

मुलीने दाखवलेल्या सगळ्या कृतींमध्ये बाटलीतलं पिवळं मस्टर्ड होतं. ते आणायला निघालो तर बायको म्हणाली, 'मोहरी फेसून लावा की.' ती कुडाळची. त्यांच्याकडे मोहरी फेसायची म्हणजे वाटून, पाणी लावून, नाकात झणका जाईपर्यंत घोटायची. मोहरीच्या सालात बुळबुळीत चिकटपणा असतो, तो तेलाचे थेंब धरून ठेवतो. बाहेरचं मस्टर्ड तरी दुसरं काय करतं? फक्त एक धडा मला दोनदा नापास होऊन मिळाला. मोहरीत आधी नुसतं पाणी घालायचं आणि पाचेक मिनिटं थांबायचं. लिंबू आधीच पिळलं तर झणका चढतच नाही, नुसता कडसरपणा राहतो. पाण्यात झणका चढला की मग खुशाल आंबट घाला.

माझं ठरलेलं माप असं. महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी २०० ग्रॅमच्या डब्यात येते. त्यातल्या पन्नासेक ग्रॅम खाऊन टाकायच्या, उरल्या दीडशे. एक लिंबू. पाऊण छोटा चमचा मोहरी, फेसून. करडईचं तेल तीन मोठे चमचे. मीठ, दोन चिमटी मिरपूड. साखर नाही, मध नाही. फेब्रुवारी-मार्चचं फळ चांगलं पिकलेलं असेल तर लागतही नाही. डिसेंबरचं पहिलं फळ आंबट असतं, तेव्हा लिंबू अर्धं करायचं. साहेबी पुस्तकातलं माप तीन भाग तेल आणि एक भाग आंबट असं असतं, पण फळाचा गर स्वतःच जाडी देतो, त्यामुळे इतकं तेल कशाला?

सगळं भांड्यात टाकायचं, तेल सगळ्यात वर. दांडा थेट तळाला टेकवायचा आणि मग बटण. इथे हात हलवायचा नाही. बऱ्याच लोकांना चालू केल्याकेल्या वरखाली करायची सवय असते, ताक घुसळल्यासारखी. तसं केलं की तेल एकदम आत येतं आणि फुटतं. दांडा तळाशी धरून मनात सहा मोजा. भांडं पारदर्शक आहे, बघत राहा. आधी तळाला लाल चिखल होतो. मग त्यात वरच्या तेलातून पिवळट धागे ओढले जाताना दिसतात, भोवऱ्यात पाणी जावं तसे. धागे गुलाबी होतात, जाड होतात आणि तो गुलाबी थर हळूहळू वर चढायला लागतो. त्याच्या मागोमाग, त्याच चालीने दांडा वर आणायचा. पंधरा सेकंदांत काम संपतं. मी चौदा महिन्यांत हे शेकडो वेळा केलं असेल, तरी ते धागे दिसले की अजून पुढे वाकून बघतो.

घंटा तळाला अगदी सपाट बसली तर ती पंपाच्या वायसरसारखी चिकटते आणि मोटरचा आवाज बदलतो. घाबरू नका, ओढूही नका. बटण सोडून जरा तिरकं करा, सुटते.

पंधरा सेकंदांच्या पुढे मात्र जाऊ नका. यंत्र हातात आलं की माणसाला थांबवत नाही, माझंही तेच झालं. मिनिटभर फिरवलं तर त्यात हवा भरली, रंग फिका पडला आणि दात घासायच्या पेस्टसारखं काहीतरी तयार झालं. चवही पातळ. मुलीने हौसेने आणलेलं ऑलिव्ह तेल पहिल्यांदा घातलं तेव्हा ड्रेसिंग चक्क कडू लागलं. मला वाटलं तेलच खराब. तेच तेल शेवटी चमच्याने ढवळून घातलं तर ठीक. ते एक्स्ट्रा व्हर्जिन तेल वेगवान पात्याखाली कडवट होतं, हे बऱ्याच खवय्यांनाही अनुभवाने माहीत असतं. म्हणून मी करडईवर आलो. शेंगदाण्याचं घाण्याचं तेल वासाने फळाला झाकून टाकतं, तिळाचं तर विचारूच नका. करडई आपली गप्प असते. किंमतही ऑलिव्हच्या निम्म्याहून कमी.

आता बाकीची फळं. सगळ्यांवर सारखं लिहिण्यात अर्थ नाही, कारण काहींना या यंत्राची गरजच नाही.

अननसाने मला चांगलं फसवलं. ताजा अननस, दही, मोहरी, हिरवी मिरची, दुपारी एक वाजता फिरवलं, अप्रतिम लागलं. बाकीचं फ्रीजमध्ये ठेवलं. रात्री जेवताना तोंडात घातलं तर विषासारखं कडू! बायकोने वास घेतला, दही नासलं का म्हणून. दही ताजं होतं. अननसात प्रोटीन तोडणारा ब्रोमेलेन नावाचा पदार्थ असतो, तो दह्याला तासातासाने खात बसतो आणि कडूपणा येतो. अननसाचे तुकडे आधी पाच मिनिटं वाफवून घेतले की त्याचा जोर संपतो. नाहीतर दह्याऐवजी तेलावर करा. कच्च्या पपईतही तसलाच चावरा गुण असतो, म्हणून तर मटण शिजायला ती लावतात.

डाळिंब या यंत्रात घालू नका. पातं दाण्यातल्या बिया फोडतं आणि रवाळ, तुरट पाणी होतं. दाणे स्वच्छ फडक्यात घेऊन पिळा आणि रस वापरा. संत्र्याचंही तेच. एक बी राहिली तरी कडू, आणि पांढऱ्या सालीचे धागे राहिले तरी कडू. पेरू फिरवून गाळावा लागतो, आणि गाळायचाच तर इतका खटाटोप कशाला? तो मी तिखट-मीठ लावून खातो.

हापूस फार चांगला होतो, पण तो इतका जाड की सॅलडवर पसरत नाही, बसून राहतो. एका फोडीला दोन चमचे पाणी आणि अख्खं लिंबू. खरं सांगू? हापूसचं ड्रेसिंग करणं जिवावर येतं. मी ते पायरीवर किंवा डाग पडलेल्या आंब्यावर करतो.

आमच्या घरी आता सगळ्यात जास्त होतं ते कोकमाचं, आणि त्याला यंत्र लागतच नाही. सासुरवाडीहून आगळ, म्हणजे कोकमाचा खारवलेला रस, येतं. एक चमचा आगळ, दोन चमचे तेल, फेसलेली मोहरी, झाकणाच्या बरणीत घालून हलवायचं. आगळात मीठ मुळातच भरपूर असतं, वरून घालायचं नाही. पहिल्यांदा मी घातलं आणि दिवसभर पाणी पीत बसलो. कोबी, मोड आलेले मूग आणि त्यावर हे. ब्लेंडरच्या अभिप्रायात हे लिहू नये खरं तर, पण ज्यांना १,८५० रुपये घालायचे नाहीत त्यांनी इथूनच मागे फिरावं.

एक गोष्ट ज्यावर सगळ्यांचं सॅलड बिघडतं ती ड्रेसिंगमध्ये नसतेच. पाला ओला असतो. ओल्या पानावर तेलकट काही टिकत नाही, सरळ घसरून वाटीच्या तळाला जातं. पानं धुऊन जुन्या सुती पंचात गुंडाळा आणि गॅलरीत उभं राहून चार झटके द्या. वरचे मजले रिकामे असतील तर, नाहीतर खालच्या काकू वर बघतात.

आता तक्रार. गेल्या वर्षी एप्रिलमध्ये हंगाम संपताना स्ट्रॉबेरीचे डबे स्वस्त झाले तेव्हा मी सात-आठ डबे आणून, देठ काढून, पिशव्यांत भरून फ्रीझरमध्ये ठेवले. सप्टेंबरात, गौरींच्या आसपास, पाहुण्यांना दाखवायचं म्हणून पिशवी काढली. फळं गारगोटीसारखी. ती तशीच भांड्यात टाकली आणि बटण दाबलं. एक 'खर्रर्र', मग मोटर मोकळी फिरतेय आणि पातं जागेवर. मला आवाजावरूनच कळलं, मोटर आणि दांडा जोडणारं कपलिंग गेलं. दांडा काढून पाहिलं तर मोटरच्या टोकाला असलेल्या प्लॅस्टिकच्या चाकाचे दात साफ, वाढदिवसाच्या केकच्या कडेसारखे गोल झालेले.

सर्व्हिस सेंटरला फोन. सात दिवसांत माणूस येईल. आला नाही. परत फोन, परत सात दिवस. शेवटी स्वतः घेऊन गेलो. काउंटरवरच्या मुलाने कपलिंग बघितलं आणि विचारलं, 'काका, फ्रोझन काही घातलं होतं का?' मी हो म्हटलं, खोटं बोलायची सवय नाही. मग वॉरंटी लागू नाही. पुस्तिकेत लिहिलंय म्हणाला. घरी येऊन पाहिलं, होतं खरं, शेवटून दुसऱ्या पानावर, मुंगीच्या पायाएवढ्या अक्षरात. इथपर्यंत चूक माझी, मान्य. पण पुढे ऐका. नुसतं कपलिंग मिळत नाही म्हणे, वरचा मोटरचा भाग पूर्ण बदलावा लागेल, १,१०० रुपये. दहा-वीस रुपयांचं प्लॅस्टिकचं चाक सुटं देत नाहीत! क्लच प्लेट झिजली म्हणून आम्ही कधी गाडीचं इंजिन बदललं नाही. हा एक तारा मी याच कारणाने कापतो, कपलिंग तुटलं म्हणून नव्हे.

भोसरीला माझ्या एका जुन्या सोबत्याच्या मुलाचं लहानसं लेथचं दुकान आहे. तिथे गेलो. पोराने तुटलेलं चाक हातात घेऊन फिरवलं आणि म्हणाला, 'काका, पितळेचं करून देतो, जन्मभर जाईल.' मी म्हटलं, नको. नायलॉनच्या रॉडचं कर. त्याला पटेना. मग सांगितलं की बाबा, पितळेचं कपलिंग तुटणार नाही, बरोबर. पण उद्या परत कुणी बर्फासारखं काही घातलं आणि पातं अडकलं की तो झटका जाईल कुठे? थेट मोटरच्या वायंडिंगला. धूर निघेल. हे चाक मऊ ठेवलंय ते झिजण्यासाठीच, घरातल्या फ्यूजच्या तारेसारखं. ज्याने ही मशीन काढली त्याने डोकं लावलंय. फक्त तो फ्यूज सुटा विकायचं डोकं पुढच्या साहेबांनी लावलं नाही.

पोराने नायलॉनची दोन केली, एक बसवलं, एक राखून ठेवलंय. पैसे घेईना. त्याला एक बाटली स्ट्रॉबेरीचं ड्रेसिंग दिलं. त्याने ते पावाला लावून खाल्लं असं नंतर कळलं. त्याला आठ महिने झाले, तेच कपलिंग चालू आहे. गोठवलेली फळं आता आदल्या रात्री खाली काढून ठेवतो. त्यांचं पाणी सुटतं, ते फेकायचं नाही, सगळा रंग त्यातच असतो.

बाकी बारीकसारीक. वायर फार आखूड, जेमतेम सव्वा मीटर. ओट्यापासून प्लग लांब असेल तर एक्स्टेन्शन ओढावी लागते आणि ओट्यावर पाणी असतं, हे मला बिलकूल आवडत नाही. दुसरा स्पीड ड्रेसिंगला कधी लागला नाही. भांड्यावरचे मापाचे आकडे चार महिन्यांत पुसले, मी खिळ्याने ओरखडे काढून घेतले. पातं खरोखर धारदार आहे, म्हणून पात्याला हात लावून धुताना आधी प्लग काढा. आधी म्हणजे आधी. आमच्या वर्कशॉपमध्ये 'बंदच आहे' म्हणून हात घातलेली माणसं मी पाहिलीत. धुण्याची सगळ्यात सोपी रीत अशी की भांड्यात कोमट पाणी आणि साबणाचा एक थेंब घालून पाच सेकंद चालवायचं. वरचा मोटरचा भाग नळाखाली धरायचा नाही, ओल्या फडक्याने पुसायचा.

ड्रेसिंग फ्रीजमध्ये तीन दिवस चांगलं राहतं, चौथ्या दिवशी फळाची चव मंदावते. लसूण घालायची असेल तर खाण्यापुरत्या भागात त्याच वेळी घाला, कच्ची लसूण तेलात दिवसेंदिवस ठेवू नका. पाण्याचा थर सुटला तर घाबरायचं कारण नाही. झँथन गम नाही आपल्यात, तेव्हा थोडं सुटणारच. बरणी हलवा.

घ्यावा का? घरात चार माणसं असतील, आठवड्यातून तीन-चारदा सॅलड होत असेल आणि स्ट्रॉबेरी-आंब्यासारखी गराची फळं वापरायची असतील तर घ्या. घेताना दुकानदाराला कपलिंग सुटं मिळतं का हे आधी विचारा, वॅट नंतर. एकट्या माणसाने घेऊ नये, बरणी हलवली तरी भागतं. सूप, डाळ घोटणं, लहान मुलांची पेज यालाही चालतो, पण ते मी केलेलं नाही, त्यामुळे त्यावर बोलत नाही. माझ्याकडून पाचपैकी साडेतीन. सर्व्हिसला पाचपैकी एक, तोही त्या काउंटरवरच्या मुलाला, कारण त्याने निदान खरा प्रश्न विचारला.

माझी साखर कमी झाली का, असं ग्रुपमधले विचारतात. ते डॉक्टरांचं काम. मी एवढंच सांगतो की वाटीभर पाला आता पहिला संपतो आणि मग पोळीला हात जातो.

बायको वर्षभर या यंत्राला हात लावत नव्हती. तुमचं खेळणं म्हणायची. मागच्या रविवारी कुडाळहून रायवळ आंबे आले. छोटे, रेषाळ, साखरेसारखे. तिने पाटा काढला नाही, मिक्सर काढला नाही. ओलं खोबरं, सुकी मिरची, मोहरी आणि गूळ माझ्या उभ्या भांड्यात टाकलं आणि दांडा आत घातला. मी बाजूला उभा राहून म्हटलं, 'तळाला टेकव, हलवू नको, सहा मोज.' तिने बघितलंही नाही. ते वाटण आंब्यांवर ओतून सासव केलं, माझ्या पुढ्यात वाटी ठेवली आणि म्हणाली, 'हे घ्या तुमचं फळांचं ड्रेसिंग. आमच्याकडे आजी करायची, तेल नव्हती घालत एवढंच.' गूळ होता म्हणून मला एकच आंबा मिळाला. कोय चोखून झाल्यावर ब्लेंडर कपाटात ठेवायला गेलो. तिने धुऊन ठेवलाय म्हणून सांगितलं होतं. दांडा सोडवून पाहिला तर घंटेच्या आत, पात्याच्या मागे, खोबरं तसंच.